बिल अडले तर कोर्टाची पायरी चढावी

‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ हे आपण लहानपणापासून ऐकत आलो. पण सरकारी कामाचे बिल अडलेल्या माणसाला हीच म्हण बुडवते, असे माझे मत झाले आहे.

तुम्ही म्हणाल, कंत्राटदाराच्या बिलाचा अन् शेतीच्या पानाचा काय संबंध? संबंध असा, की गावातले नाला खोलीकरण, सिमेंट बांध, पांदण रस्ते ही कामे पुष्कळदा आपलीच पोरे करतात, कर्जावर जेसीबी घेऊन. आमच्या भागातल्या एका तरुणाने असाच नाला खोल केला. पाणी अडले, बाजूच्या विहिरी भरल्या. तो मला म्हणाला, “साहेब, नाल्यात पाणी आलं, पण माह्या खात्यात काही आलं नाही. बँकेची किस्त तर थांबत नाही ना!” कार्यालयात उत्तर ठरलेले: निधी आला नाही, पुढच्या महिन्यात या. असे करता करता अडीच वर्षे गेली.

हा एकटा नाही. राज्यात सुमारे ८९ हजार कोटींची बिले थकल्याचा दावा कंत्राटदार संघटनांनी २०२५ मध्ये केला होता.

खरी गोम मुदतीत आहे. १९६३ च्या मुदत कायद्याप्रमाणे केलेल्या कामाच्या पैशांचा दावा साधारणपणे काम झाल्यापासून तीन वर्षांच्या आत लावावा लागतो. साहेबांच्या तोंडी शब्दाने ती वाढत नाही. मुदत संपण्याआधी देणे लेखी, सहीनिशी कबूल झाले, तरच ती नव्याने सुरू होते.

मग करावे काय? करारनाम्यात लवादाचे कलम असेल तर आधी तिकडे जावे. नसेल तर दिवाणी दावा. पण राज्य शासनावर दावा लावण्यापूर्वी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची नोटीस देऊन दोन महिने थांबावे लागते. जिल्हा परिषदेचे काम असेल तर नोटिशीचे नियम वकिलाला वेगळे विचारावेत. रक्कम कार्यालयालाच मान्य असेल अन् केवळ पैसे अडले असतील, तर अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट करता येते. वाद कराराचा आहे एवढ्यावरून रिट नाकारता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००३ च्या एबीएल इंटरनॅशनल खटल्यात म्हटले आहे. मात्र मोजमापाचाच वाद असला, तर बहुधा दिवाणी कोर्टाचाच रस्ता दाखवला जातो.

‘तुम्ही काम सुरू करा, कागद मागून होईल’ असे सांगितले जाते. असे काम करूच नये. केलेच असेल, अन् शासनाने त्याचा लाभ घेतला असेल, तर १८७२ च्या करार कायद्याचे कलम ७० मदतीला येऊ शकते.

मी शासनाचाच नोकर आहे, तरी सांगतो. तरतूद झाल्याशिवाय कार्यारंभ आदेश देऊच नये, अन् उशीर झाला तर व्याजही द्यावे. बिल बुडण्याची भीती असली की चांगला माणूस टेंडर भरत नाही. जो भरतो तो दर चढवतो, नाहीतर सिमेंट मारतो. पहिल्या पुरात बांध फुटतो अन् माती आपल्या वावरातली वाहून जाते.

त्या तरुणाकडे कार्यारंभ आदेश होता, पण एम.बी.ची, म्हणजे मोजमाप पुस्तिकेची, नक्कल नव्हती. ती माहिती अधिकारात मागायला मी सांगितले. २००५ च्या त्या कायद्यात उत्तराला ३० दिवसांची मुदत आहे. त्याच्या हातात सहाच महिने उरले आहेत. तुमची अडीच वर्षे जाऊ देऊ नका. काम संपले त्याच आठवड्यात नक्कल घ्या, अन् बिल मागणीच्या प्रत्येक अर्जाची पोच जपून ठेवा.