मूळ कोठें आहे?

गेल्या स्नेहसंमेलनाची चित्रफीत संगणकावर जोडण्याचें काम आमच्या कांहीं विद्यार्थ्यांनीं अंगावर घेतलें होतें. ती दाखविण्याच्या आदल्या सायंकाळीं त्यांनीं प्रीमियर प्रो हा प्रोग्रॅम उघडला, तों पडद्यावर चित्रांच्या जागीं लाल पाटी, आणि तिच्यावर 'मीडिया ऑफलाइन' हीं अक्षरें! कोणी प्रोग्रॅमला दोष देऊं लागला, कोणी रडकुंडीस आला.

वस्तुतः बहुतेक चित्रण सुरक्षित होतें. अशा प्रोग्रॅमच्या प्रकल्पांत चित्रें सांठविलेलीं नसतात. मूळ फाइलचा पत्ता आणि तुकडा कोठें कापावा, कोठें जोडावा याचीं टिपणें, एवढेंच त्यांत असतें. एका मुलानें आवराआवर करितांना फाइली दुसऱ्या फोल्डरांत हलविल्या होत्या; प्रकल्पांत पत्ता मात्र जुनाच राहिला. बिऱ्हाड बदललेल्या माणसास जुन्या पत्त्यावरील पत्र कसें मिळावें? 'लोकेट' ही आज्ञा देऊन नवी जागा दाखवितांच चित्रें परत आलीं.

परंतु दोन तुकडे आले नाहींत. ते एकानें कॅमेऱ्याच्या कार्डावरूनच प्रकल्पांत ओढले होते, आणि 'आतां ते आंत गेलेच' अशा समजुतीनें कार्ड पुसून टाकलें होतें. शाळेची घंटा वर्षानुवर्षें वाजविणाऱ्या आमच्या शिपाईमामांचे निरोपाचे शब्द त्यांत होते. मामा निवृत्त होऊन गांवीं गेले. ते शब्द परत आणण्यास कोणतीहि आज्ञा समर्थ नाहीं.

म्हणून आमचें स्पष्ट मत असें कीं, मुलांस कापणें-जोडणें शिकविण्यापूर्वीं जतन करणें शिकवावें. प्रथम एक फोल्डर करून त्यांत चित्रण, ध्वनि व छायाचित्रें उतरवावीं. मग प्रकल्पास हात घालावा. त्यानंतर फाइलीचें नांव किंवा जागा बदलूं नये. दुसऱ्या संगणकावर जावयाचें तर सगळें फोल्डर एकत्र न्यावें. काम संपल्यावर प्रोजेक्ट मॅनेजरकडून वापरलेल्या सर्व फाइली एके ठिकाणीं गोळा करून घ्याव्या. आणि दोन निरनिराळ्या डिस्कांवर प्रती झाल्यावांचून कार्ड पुसूं नये.

'हें कारकुनी काम, यांत कला ती कोणती?' असें मुलें म्हणतात. मान्य, पण मूळच गेलें तर कला कशावर करणार?

पालकांसहि आमची विनंती आहे. मुलास कॅमेरा घेऊन द्याल, तेव्हां सोबत एक डिस्कहि घेऊन द्या; आणि संध्याकाळीं चित्र कसें निघालें हें विचारण्याआधीं एवढेंच विचारा, "बाळ, मूळ कोठें ठेविलें आहेस?"