रणांगणावरील शल्यविशारद आणि चारोटीचा महामार्ग

मूकपटांच्या जमान्यात बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत ज्यांच्या कलेला वळण लागले, त्या व्ही. शांतारामांनी १९४६ साली सोलापूरच्या डॉ. द्वारकानाथ कोटणीसांचे चरित्र पडद्यावर आणताना नायकाची भूमिका स्वतःच वठवली. राष्ट्रसभेने १९३८ साली चीनला धाडलेल्या पाच डॉक्टरांच्या पथकातील हा तरुण १९४० च्या एका लढाईत सलग ७२ तास, डोळ्याला डोळा न लावता, जखमींवर शस्त्रक्रिया करीत राहिला, आणि ९ डिसेंबर १९४२ रोजी, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी, तेथेच निवर्तला.

या कथेतील करुणेपेक्षा तिच्यातील बंदोबस्त मला अधिक मोलाचा वाटतो. जखमीची वाट न पाहता शल्यविशारदाने आघाडीजवळ जावे, हा चीनच्याच आघाडीवर राबलेले कॅनेडियन शल्यविशारद डॉ. नॉर्मन बेथ्यून यांचा दंडक. त्यांच्याच नावाच्या रुग्णालयाची धुरा पुढे कोटणीसांकडे आली. तोच दंडक आज आपल्या महामार्गांवरही हवा.

मुंबई-अहमदाबाद महामार्गावरील चारोटीजवळ, सूर्या नदीच्या पुलावर, ४ सप्टेंबर २०२२ रोजी एका विख्यात उद्योगपतीचा मोटार अपघातात अंत झाला, आणि बचावलेल्या जखमींना वापीला व तेथून मुंबईला न्यावे लागले. आदिवासी पाड्यावरील जखमीला असा प्रवास कोणाच्या खर्चाने घडावा? ज्या चारोटीत टोलची वसुली अहोरात्र चालते, तेथे शल्यविशारद, रक्तसाठा आणि शस्त्रक्रियागृह हेही अहोरात्र सिद्ध असावेत, असा हुकूम सरकारने विनाविलंब काढावा.