तो कागद आपण वाचतो का?

पेसमेकरच्या रुग्णाची फाइल उघडली की तळाशी एक गुंडाळी सापडते. तपासणीच्या वेळी प्रोग्रामरमधून निघालेला थर्मल कागद, निम्मा पुसट झालेला. कंपनीचा तंत्रज्ञ ‘बॅटरी ठीक’ असं सांगून जातो, आपण खाली सही करतो. प्रत्येक कंपनीचा प्रोग्रामर वेगळा, आणि बऱ्याच ठिकाणी तो तंत्रज्ञाच्या बॅगेतूनच येतो-जातो. तंत्रज्ञ आपलं काम चोख करतो, त्याच्याबद्दल तक्रार नाही. पण रुग्णाला धाप लागते का, औषधं कोणती चालू आहेत, हे त्याला ठाऊक नसतं. आपल्याला असतं, आणि कागद आपण वाचत नाही.

मीही अशी सही केली आहे. सत्तरीतल्या एका निवृत्त शिक्षकांना सायनस नोडच्या आजारासाठी दोन लीडचा पेसमेकर बसवला होता. एव्ही नोड शाबूत होता. चक्कर थांबली, सर समाधानी होते. दीड वर्षाने जिना चढताना धाप लागू लागली. आम्ही लघवीच्या गोळ्या दिल्या, मग वाढवल्या. इकोमध्ये इजेक्शन फ्रॅक्शन ६० वरून ४० टक्क्यांवर आलेलं दिसलं, तेव्हा कुठे गुंडाळी उलगडली. उजव्या व्हेंट्रिकलचं पेसिंग ९६ टक्के! एव्ही डिले इतका आखूड ठेवलेला होता, की नोडमधून ठोका खाली पोहोचायच्या आतच यंत्र आपला ठोका देऊन टाकत होतं. डिले वाढवला, पेसिंग ४ टक्क्यांवर आलं, आणि काही महिन्यांत सर पूर्वीसारखे जिना चढू लागले. तो आकडा मात्र पहिल्या तपासणीच्या कागदापासून छापलेला होता.

उजव्या व्हेंट्रिकलच्या टोकाला दिलेला ठोका स्नायूतून सावकाश पसरतो आणि डावी बाजू मागे पडते. लेफ्ट बंडल ब्लॉकसारखी स्थिती आपणच निर्माण करतो. डिफिब्रिलेटर बसवलेल्या रुग्णांत याचा तोटा २००२ च्या ‘डेव्हिड’ चाचणीत दिसला. पुढच्याच वर्षी ‘मोस्ट’ चाचणीच्या विश्लेषणाने सायनस नोडच्या रुग्णांबद्दल सांगितलं, की पेसिंग ४० टक्क्यांच्या वर गेलं की हार्ट फेल्युअरसाठी भरती होण्याचा धोका वाढतो. म्हणून एव्ही नोड चांगला असेल तर व्हेंट्रिकलला शक्य तितकं आपल्या चालीने चालू द्यावं. पूर्ण हार्ट ब्लॉकमध्ये ही सवलत नाही. तिथे प्रत्येक ठोका यंत्राचा, म्हणून लीड कुठे टोचायची हा प्रश्न मोठा. प्रमोद देशमुख आणि सहकाऱ्यांनी २००० मध्ये अमेरिकेतून हिज बंडलच्या कायमस्वरूपी पेसिंगचा अनुभव मांडला. २०१७ मध्ये चीनमधल्या वेइजियान हुआंग यांच्या गटाने लेफ्ट बंडलची वाट दाखवली. ज्या रुग्णाला जन्मभर पेसिंग लागणार आहे, त्याच्यासाठी हा विचार शस्त्रक्रियेआधीच व्हायला हवा.

बॅटरीचंही तसंच. लीड बसवताना व्होल्टेज मुद्दाम चढं ठेवतात, बहुधा ३.५. दोन-तीन महिन्यांत थ्रेशोल्ड स्थिरावतो, तेव्हा सुरक्षित अंतर राखून ते उतरवता येतं. ठोक्याला लागणारी ऊर्जा व्होल्टेजच्या वर्गानुसार वाढते. म्हणजे ३.५ वरून २.५ वर आलो तर ती जवळजवळ निम्मी होते. हे करायचं राहून गेलं की नवं यंत्र लवकर बसवावं लागतं, आणि त्या खर्चासाठी कुठल्या घरात दागिने गहाण पडतात हे आपण पाहिलेलं आहे.

जलद ठोक्यांबद्दल एक गैरसमज अजून टिकून आहे. साधा पेसमेकर एट्रियल फिब्रिलेशन थांबवत नाही. ठोके फार मंदावू देत नाही, एवढंच. पण त्यामुळेच, कधी फार मंद तर कधी फार जलद ठोके पडणाऱ्या रुग्णाला, आधी भीतीपोटी न दिलेला बीटा ब्लॉकर आता देता येतो. पेसमेकर बसवला म्हणून ही औषधं बंद केलेले रुग्ण मला दर काही महिन्यांनी भेटतात.

यंत्र एट्रियमच्या जलद लयीची नोंदही ठेवतं. २०१२ च्या ‘असर्ट’ अभ्यासात रक्तदाब असलेल्या, पासष्टीपुढच्या २५८० जणांपैकी सुमारे दहा टक्क्यांत तीन महिन्यांच्या आत अशी लक्षणरहित नोंद सापडली, आणि त्यांना पक्षाघाताचा धोका सुमारे अडीच पट होता. रक्त पातळ करणारं औषध द्यायचं का, हे मात्र सोपं नाही. २०२३ च्या ‘आर्टेसिया’ चाचणीत अपिक्साबॅनने पक्षाघात कमी झाले, पण मोठे रक्तस्राव वाढले. वय, पूर्वीचा पक्षाघात, नोंद किती वेळ टिकली, हे रुग्णासमोर बसून तोलावं लागतं. नोंद उघडलीच नाही तर तोलणार काय?

स्टॉकहोमशेजारच्या सोल्ना इथे ८ ऑक्टोबर १९५८ रोजी ओके सेनिंग यांनी आर्ने लार्सन यांच्या शरीरात रुने एल्मक्विस्ट यांनी बनवलेला पेसमेकर बसवला. शरीरात पूर्णपणे बसवलेलं ते पहिलं यंत्र काही तासांत बंद पडलं. लार्सन २००१ पर्यंत जगले. मधल्या काळात वीसहून अधिक यंत्रं बदलली. म्हणजे चार दशकांहून अधिक काळ कोणीतरी त्यांच्या यंत्राकडे पुन्हा पुन्हा पाहत होतं.

पुढच्या अंकापासून दर महिन्याला तपासणीचा एक कागद ओळ न ओळ उलगडून छापणार आहोत. सुरुवात चार नोंदींपासून: मोड, पेसिंगचे टक्के, थ्रेशोल्ड आणि एट्रियमच्या जलद लयी. वाचकांनी आपल्याकडचे कागद रुग्णाचं नाव झाकून पाठवावेत. मूळ प्रत पाठवू नये. थर्मल कागदावरची अक्षरं उडतात, म्हणून तिची झेरॉक्स आजच काढून एक फाइलला लावावी आणि एक आमच्याकडे धाडावी.