डब्याचा कायदा: बंधन कोणावर?

बाळाच्या वरच्या दुधाच्या विक्रीला भारतात 1 ऑगस्ट 1993 पासून कायद्याचा लगाम आहे. संसदेने 1992 मध्ये केलेला आणि 2003 मध्ये आणखी आवळलेला हा कायदा दुधाची पावडर, दूधबाटली आणि दोन वर्षांखालील बाळांचे तयार खाद्य या तिन्हींना लागू होतो. यांची जाहिरात करता येत नाही, फुकट नमुने वाटता येत नाहीत, खरेदीवर भेटवस्तू देता येत नाही. पावडरच्या डब्यावर बाळाचे किंवा बाईचे चित्र छापायचे नाही. आईचे दूध सर्वोत्तम, हे मात्र ठळक छापायचे. डॉक्टरांच्या परिषदांचा खर्च उचलायलाही कंपन्यांना मनाई आहे. जाहिरातीच्या व्याख्येत उजेड, आवाज, धूर आणि वायू यांनी केलेली घोषणादेखील येते. धुराने दुधाची जाहिरात कोण करणार होते कोण जाणे. पण 2003 च्या दुरुस्तीने तिथे इलेक्ट्रॉनिक प्रसारण घातले आणि मोबाइलवरची जाहिरातही कक्षेत आली.

या कायद्याचे मूळ जागतिक आरोग्य परिषदेने 21 मे 1981 रोजी स्वीकारलेल्या, वरच्या दुधाच्या विक्रीविषयीच्या संहितेत आहे. बाजूने 118 मते पडली, विरोधात एकट्या अमेरिकेचे. त्याच महिन्याच्या 1 तारखेला जालना हा वेगळा जिल्हा झाला होता. कायद्यावरचे आक्षेप याच जिल्ह्याच्या मातीवर घासून पाहणे सोयीचे आहे.

पहिला आक्षेप स्वातंत्र्याचा. बाळाला काय पाजावे हे आईने ठरवावे, सरकारने मध्ये पडू नये, असे म्हटले जाते. म्हणणे रास्त आहे, फक्त ते या कायद्याला लागू पडत नाही. त्यातले एकही कलम आईला शिक्षा करत नाही. बंधने आहेत ती उत्पादक, वितरक, विक्रेते आणि आरोग्य यंत्रणेवर. भोकरदनच्या मेडिकलमध्ये डबा आजही मिळतो आणि तो घेणाऱ्या बाईला कोणी जाब विचारत नाही. बंद झाला आहे तो ओल्या बाळंतिणीच्या कानाशी बोलण्याचा कंपनीचा हक्क. विकणाऱ्याचे बोलणे म्हणजे माहिती, असे मानणारेच याला माहितीवरची बंदी म्हणतील.

दुसरा आक्षेप जास्त खोल आहे, कारण तो घरातून येतो: दूध पुरतच नाही, मग डबा नको तर काय करायचे? पहिले दोन-तीन दिवस येतो तो चीक, तोही चमच्याने मोजावा इतका. नवजात बाळाचे पोट तेवढेच असते, पण बाळ रडले की कोणीतरी म्हणतेच, "दूध उतरलंच नाही." मग वरचे दूध सुरू होते. बाळाचे पोट भरते, ते अंगावर कमी ओढते. आणि जितके ओढले जाते तितकेच दूध तयार होत असल्याने पान्हा खरोखरच आटू लागतो. भीतीने घेतलेला डबा अशा रीतीने ती भीती खरी करून दाखवतो. खरोखर दूध न येणाऱ्या आया असतात, पण थोड्या.

इथे सासूच्या अडाणीपणाला दोष देणे सोपे आहे. गायीच्या चिकाचा खरवस गल्लीभर वाटायचा आणि आईचा चीक पिळून टाकायचा, ही रीत होतीच. पण राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत (2019-21) देशातली 88.6 टक्के बाळंतपणे दवाखान्यांत झाली होती, आणि जन्मानंतर तासाभरात अंगावर घेतलेली बाळे होती अवघी 41.8 टक्के. म्हणजे तो पहिला तास बहुतेक ठिकाणी सासूच्या हाती नव्हताच. कायद्याने कंपनीला दवाखान्याबाहेर ठेवले ते याच तासासाठी.

तिसरे म्हणणे असे की डब्याचे दूध शास्त्रशुद्ध असते. कारखान्यातून निघताना ते तसे असेलही, जरी पावडर निर्जंतुक नसते आणि म्हणून ती किमान 70 अंशांच्या पाण्यात कालवावी असा जागतिक आरोग्य संघटनेचा सल्ला आहे. जालन्यात प्रश्न पाण्यापासूनच सुरू होतो. 2012-13 च्या दुष्काळात इथल्या मोसंबीच्या बागा वाळून गेल्या आणि माणसे टँकरवर जगली. जिथे घागर पुरवून वापरायची, तिथे दिवसातून सहा-सात वेळा बाटली उकळायला पाणी आणि जळण आणायचे कुठून? शिवाय हिशेब बघावा. सहा किलोच्या बाळाला दिवसाला साधारण 900 मिलिलिटर दूध लागते, 100 मिलिलिटरला 13 ग्रॅमच्या आसपास पावडर. 400 ग्रॅमचा डबा तीन-साडेतीन दिवसांत संपतो. मजुरीवर चालणारे घर तो आठवडाभर पुरवते, म्हणजे पाणी वाढवते. बाळाचे पोट फुगते, वजन वाढत नाही.

एवढे खंडन झाल्यावर स्तनपानाच्या कैवाऱ्यांचीही एक चूक सांगितली पाहिजे. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात, स्तनपान सप्ताहात, मातृत्वाच्या थोरवीची भाषणे होतात, जणू आईने मनावर घेतले की झाले. मंठा, परतूर, घनसावंगी, अंबड या तालुक्यांतून दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीला जोडपी जातात. नवरा-बायको मिळून एक कोयता, मुकादमाकडून घेतलेली उचल, आणि एक खाडा झाला की पैसे कापले जातात. बाई उजाडायच्या आत फडात जाते. तान्हे कोपीपाशी थोरल्या बहिणीच्या ताब्यात असते. तिथे बाटली येते ती कोणत्याही जाहिरातीशिवाय. या बाईला स्तनपानाचे फायदे ऐकवून उपयोग नाही.

बाळंतपणासाठी कायद्यात 2017 पासून 26 आठवड्यांची भरपगारी रजा आहे, आणि मूल 15 महिन्यांचे होईपर्यंत कामावर रोज दोनदा पाजण्याची सवलतही. पण तोडणीवाल्या बाईचा मालक कोण? मुकादम कारखान्याकडे बोट दाखवतो, कारखाना वाहतूक ठेकेदाराकडे. एसटी स्थानकांवर बाळाला पाजण्यासाठी हिरकणी कक्ष झाले, फडावर सावलीचा आडोसाही नाही. डब्याचा कायदा बाहेरचा दबाव थांबवतो. आईला वेळ मिळवून देणारा कायदा तिच्यापर्यंत पोचल्याशिवाय पहिला अर्धाच राहतो.

आहे त्या कायद्यातही डागडुजी हवी. 1992 मध्ये त्यात 3 वर्षांपर्यंत कैद किंवा 5,000 रुपयांपर्यंत दंड असे लिहिले गेले. तेवढा दंड आज मोठ्या कंपनीच्या चहापाण्यात जाईल. दोन वर्षांची मर्यादा संपली की जाहिरात मोकळी, म्हणून मोठ्या मुलांचे दूध तसल्याच रंगाच्या, तसल्याच नावाच्या डब्यात मिरवते आणि तान्ह्याच्या डब्याची ओळख फुकटात करून देते. संरक्षण तीन वर्षांपर्यंत न्यावे, असे जागतिक आरोग्य संघटनेने 2016 मध्येच सुचवले आहे. आणि ज्या बाळांना आई नाही किंवा आईचे दूध घेताच येत नाही, त्यांची वाट कायद्याने आधीच मोकळी ठेवली आहे: अनाथालयांना पावडर देता येते. अशा काही बाळांसाठी मुंबईच्या शीव रुग्णालयात 1989 मध्ये डॉ. आर्मिडा फर्नांडिस यांनी आशियातली पहिली मातृदुग्धपेढी सुरू केली. बाकीच्यांना डॉक्टरांच्या सल्ल्याने डबा, आणि बाटलीऐवजी वाटी-चमचा किंवा जुने बोंडले. ते घासायला सोपे आणि पाणीही थोडे लागते.