हक्काची पायरी

भंडारदऱ्याचे विल्सन धरण १९२६ साली पूर्ण झाले. अशी धरणे राखणाऱ्या सरकारी कर्मचाऱ्यांना पदोन्नतीची जागा निघेपर्यंत वर्षानुवर्षे थांबावे लागते. त्यांच्यासाठीच आश्वासित प्रगती योजना आहे. २ मार्च २०१९ च्या शासन निर्णयानुसार, ठरावीक वेतनस्तरापर्यंतच्या कर्मचाऱ्यांना १०, २० व ३० वर्षांच्या नियमित सेवेनंतर वरचे वेतन मिळते. मात्र गोपनीय अहवाल व पात्रता तपासली जाते; पदोन्नती नाकारली तर हा लाभही जातो. शेवटच्या पगारावरच निवृत्तिवेतन ठरते, उद्या विधवेचे कुटुंब निवृत्तिवेतनही. म्हणून आम्ही म्हणतो, सेवापुस्तकातील नोंदी वेळीच पाहा. मजुराचा घाम सुकण्याआधी मोबदला देण्याची पैगंबरांची (स.) शिकवण मालकासाठी आहे, हक्क अदबीने मागणे ही आपल्या घरच्यांची अमानत सांभाळणेच होय.