ऐकणारा नट

‘एका सिनेमाचा नट होता हो तो. बाकी सगळं टीव्हीवरचं काम.’ गेल्या आठवड्यात एका फिल्म सोसायटीत ‘द लाइव्ह्ज ऑफ अदर्स’ दाखवला, त्यानंतरच्या चर्चेत एक जाणकार उल्रिश म्यूहेबद्दल असं बोलून गेले. माझे वाचक जाणतात, खेळानंतरच्या चर्चेला मी सहसा थांबत नाही. या वेळी थांबलो, आणि ते वाक्य अजून डोक्यातून जात नाही.

म्यूहे १९५३ साली पूर्व जर्मनीत, ग्रिमा गावी जन्मला. आधी बांधकामाचं शिक्षण, मग सक्तीच्या लष्करी सेवेत बर्लिनच्या भिंतीवर पहारा, तिथेच पोटात अल्सर. त्यानंतर लाइपझिशची नाट्यशाळा आणि पुढे पूर्व बर्लिनचं डॉइचेस थिएटर. फेब्रुवारी २००७मध्ये ‘द लाइव्ह्ज ऑफ अदर्स’ला ऑस्कर मिळालं. जुलैत पोटाच्या कर्करोगाने तो गेला, ५४व्या वर्षी.

एका सिनेमाचा नट? हाइनर म्युलरने बसवलेल्या ‘हॅम्लेट’मध्ये, आठेक तास चालणाऱ्या प्रयोगात, हॅम्लेट तोच होता. प्रयोग १९९० साली रंगमंचावर आला. म्हणजे ज्या भिंतीवर तो पोरसवदा वयात बंदूक घेऊन उभा राहिला, ती पडली तेव्हा तो याच नाटकाच्या तालमी करत होता. भिंत पडायच्या दोनेक आठवडे आधी त्याने डॉइचेस थिएटरमध्ये वाल्टर यांका यांच्या आठवणी जाहीर वाचल्या. यांका हे प्रकाशक, आणि पूर्व जर्मनीच्याच राजवटीने त्यांना तुरुंगात टाकलेलं. सरकार अजून जागेवर असताना ते पुस्तक मोठ्याने वाचायला छाती लागते.

आणि ‘टीव्हीवरचं काम’ हे आपण ज्या सुरात म्हणतो, त्याचा मला खरोखर संताप येतो. १९९८पासून शेवटच्या वर्षापर्यंत ‘डेर लेत्स्टे त्सॉइगे’ या मालिकेत तो न्यायवैद्यक डॉक्टर कोलमार होता. जर्मनीतल्या घराघरांत त्याची ओळख ही होती. ऑस्कर फार उशिरा आलं. आठवड्यामागून आठवडे एकच माणूस उभा करायचा आणि तो शिळा होऊ द्यायचा नाही, हे एका सिनेमापेक्षा सोपं कसं? आपल्याकडेही मालिकेत रोज राबणाऱ्या नटाला ‘वाया गेला’ म्हणतात. म्हणणाऱ्यांनी एकदा सलग बारा तास सेटवर बसून पाहावं.

पण मला खरं बोलायचंय ते त्याच्या ऐकण्याबद्दल. नटाला बोलणं शिकवतात. ऐकणं फार थोड्यांना येतं. पुष्कळ जण समोरच्याचं वाक्य संपायची वाट पाहत उभे असतात, चेहऱ्यावर आपलंच पुढचं वाक्य. ‘द लाइव्ह्ज ऑफ अदर्स’मध्ये म्यूहेचा कॅप्टन वीज्लर, श्टाझीतला म्हणजे पूर्व जर्मनीच्या गुप्त पोलिसांतला, पाळतीसाठी माळ्यावर कानाला हेडफोन लावून बसतो आणि खालच्या घरात कुणीतरी पियानो वाजवतं. करायला काहीच नाही. मान हलत नाही, ओठ हलत नाहीत, आणि तरी समोरचा माणूस आतून बदलतोय हे आपल्याला कळत जातं. या भूमिकेची तयारी कशी केली, असं विचारल्यावर आपण आठवलं, एवढंच तो म्हणाला होता. अशा राज्यात वाढलेल्याला पाळतीचा वेगळा अभ्यास कशाला लागणार!

हाच स्थिरपणा त्याने १९९२ साली मिशाएल हानेकेच्या ‘बेनीज व्हिडिओ’मध्ये किती वेगळा वापरलाय! पोटच्या पोराने एका मुलीचा खून केलाय, त्याची टेप आईबापाने नुकतीच पाहिलीय. बाप ओरडत नाही. तो मुलाचं सगळं ऐकून घेतो आणि व्यवहाराचे प्रश्न विचारत जातो: तिला तुझ्याबरोबर कुणी पाहिलं का, आणखी कुणाला ठाऊक आहे का. मग नवराबायको प्रेताचं काय करायचं याचा हिशेब मांडतात. वीज्लर ऐकत असताना आपण त्याच्याकडे ओढले जातो. हा बाप ऐकतो तेव्हा खुर्ची मागे सरकवावीशी वाटते. चेहरा तोच, आवाजही तसाच खालच्या पट्टीतला. त्या जाणकारांनी आधी हा सिनेमा पाहावा, मग एका सिनेमाच्या नटाबद्दल पुन्हा बोलू. त्या चर्चेला मी थांबेन.