क्षमेचें कौतुक आणि सरकारचें देणें

दक्षिण आफ्रिकेची गोष्ट निघाली कीं आपल्याकडील सुशिक्षित लोक क्षमेचे गोडवे गाऊं लागतात. १९९४ सालीं वर्णभेदाचें राज्य संपलें, मंडेला अध्यक्ष झाले, आर्चबिशप टुटू यांच्या सत्य व समेट आयोगापुढें पीडितांनीं आपलें दुःख सांगितलें आणि राष्ट्र शांत झालें, ही ती गोष्ट. ती खोटी नाहीं. पण अर्धी आहे.

आयोगाच्या मुळाशीं एक करार होता. राजकीय हेतूनें गुन्हा करणारानें संपूर्ण सत्य सांगून माफी घ्यावी. न सांगेल त्यास कोर्टांत उभें करावें. आणि माफीमुळें पीडितांचा फिर्यादीचा हक्क बुडेल त्याबद्दल सरकारनें भरपाई द्यावी. पीडितांनीं आपली बाजू राखली. सुमारें २१,००० जणांनीं जबान्या दिल्या. आयोगानें त्यांस सहा वर्षें दरसाल साह्य देण्याची शिफारस केली. सरकारनें २००३ सालीं एकदाच ३०,००० रँड देण्याचें ठरवून विषय मिटविला.

नोमोंडे कलाटा या बाईंचेंच पाहा. त्यांचे पति फोर्ट कलाटा यांस १९८५ सालीं पोलिसांनीं तिघां सोबत्यांसह ठार मारलें. १९९६ सालीं ईस्ट लंडन येथें साक्ष देतांना बाईंनीं फोडलेला हंबरडा साऱ्या देशानें ऐकला. १९९९ सालीं सहा माजी पोलीस अधिकाऱ्यांस या खुनांबद्दल माफी नाकारण्यांत आली. मग खटले? एकावरहि भरला गेला नाहीं. सहाहि जण शिक्षेवांचून मरून गेले. असे खटले मुद्दाम दडपले काय, हें पाहण्यास आयोग नेमला गेला तो २०२५ सालीं!

कोणी म्हणेल, खटले भरले असते तर यादवी माजली असती. १९९४ सालीं ही भीति खरी होती. म्हणूनच तर माफीची सवलत ठेविली. पण ती नाकारल्यावरहि सरकारनें हात आखडावा, याला भीति कोण म्हणेल? ही शुद्ध बेपर्वाई होय.

क्षमा करणें न करणें हा पीडिताचा अधिकार आहे. सरकारनें त्याच्या वतीनें ती परस्पर देऊन टाकावी आणि आपण दुरून टाळ्या वाजवाव्या, हा न्याय नव्हे. कलाटाबाईंचें धैर्य वाखाणतांना, त्यांच्या पतीच्या खुनाबद्दल कोणासहि शिक्षा झाली नाहीं, हेंहि त्याच दमांत सांगितलें पाहिजे.